दारावर बँकेचा कागद चिकटला, आता पुढे काय? राहतं घर, जप्ती आणि कोर्टात मिळणारी दाद

माझ्या मावशीच्या घरी फ्रिजवर स्टीलचा एक चौकोनी डबा असतो, लाइटबिल, रेशनकार्ड, गॅसचं पुस्तक सगळं त्यात. जुलै २०२२ मध्ये तिच्या अंबरनाथच्या फ्लॅटच्या दारावर बँकेने कागद चिकटवला म्हणून मी धावत गेलो आणि तो डबा उघडला, तर आत बँकेची तीन रजिस्टर पाकिटं, तिन्ही न फोडलेली. काका एप्रिल २०२१ मध्ये कोविडमध्ये गेले, त्यांचं झेरॉक्सचं दुकान बंद पडलं, मावसभाऊ बारावीत, आणि पाकिटातलं सगळं इंग्रजीत. मावशी म्हणाली, "उघडून काय करू, पैसे तर नाहीतच." हे वाक्य मी नंतर इतक्या घरांत ऐकलंय की म्हणून हा लेख लिहायला बसलोय.

मी वकील नाही. पण मावशीची केस लढताना दीड वर्ष कागद वाचले, तारखांना गेलो, आणि त्यातून जे कळलं ते सोप्या भाषेत सांगतो. आधीच एक गोष्ट स्पष्ट करतो, कारण इथेच लोकांचा सगळ्यात जास्त गैरसमज असतो. कोर्टात गेलं की कर्ज माफ होत नाही. कोर्टाकडून जे मिळतं ते मुख्यतः दोन प्रकारचं, एक म्हणजे बँकेने नियम मोडला असेल तर ती कारवाई रद्द होते, आणि दुसरं म्हणजे वेळ. पैसे जमवायला, तडजोड करायला, घर चांगल्या भावात स्वतः विकायला वेळ. आणि हा वेळ मिळवण्यासाठी ठरलेल्या मुदती आहेत, त्या गेल्या की जज कितीही सहृदय असला तरी त्याचेही हात बांधलेले असतात.

बँक तुमचं घर ज्या कायद्याने घेते तो म्हणजे २००२ चा सरफेसी कायदा. नाव लांबलचक आहे, सगळे सरफेसीच म्हणतात. या कायद्याआधी बँकेला वसुलीसाठी दावा लावावा लागायचा, वर्षानुवर्षं चालायचा. सरफेसीने ते उलटं केलं, बँक कोर्टात न जाता तारण ठेवलेलं घर ताब्यात घेऊ शकते, विकू शकते, आणि कोर्टात जायची जबाबदारी आली कर्जदारावर. म्हणजे तुम्ही गप्प बसलात तर केस उभीच राहत नाही, कोणी जज तुमच्या बाजूने आपणहून बघत नाही. हे एकदा डोक्यात बसलं की पाकीट न फोडण्याची किंमत कळते.

खूप जण मला छातीठोकपणे सांगतात की राहतं घर जप्त करताच येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेत काही लोकांच्या, म्हणजे शेतकरी, मजूर, घरकाम करणारे यांच्या घराला संरक्षण आहे हे खरं, पण तेच घर तुम्ही स्वतः कर्जासाठी गहाण ठेवलं असेल तर सरफेसीत ते संरक्षण लागू होत नाही. घरात म्हातारी माणसं आहेत, लहान मुलं आहेत, परीक्षा चालू आहे, यातलं काहीही कायद्याने जप्ती थांबवत नाही. ऐकायला कठोर वाटतं, मलाही वाटलं होतं.

मग कायदा कुणाला लागत नाही? शेतजमीन वगळलेली आहे, पण ती खरोखर शेतीची असायला हवी, नुसतं सातबाऱ्यावर शेत लिहिलंय आणि जागेवर हॉटेल उभंय असं चालत नाही. एक लाखापर्यंतच्या कर्जाचं तारण वगळलंय. आणि एक कलम फार लोकांना माहीत नसतं, थकबाकी मुद्दल अधिक व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी उरली असेल तर सरफेसी वापरता येत नाही. ज्यांनी पंधरा वर्षं इमाने हप्ते भरले आणि शेवटच्या टप्प्यात अडकले त्यांनी हा हिशोब आधी तपासावा.

बिगर-बँक फायनान्स कंपनी असेल तर कर्ज किमान २० लाखांचं असावं लागतं, ही मर्यादा २०२१ मध्ये ५० लाखांवरून खाली आणली, मात्र गृहकर्ज कंपन्यांचे नियम वेगळे आहेत, तेव्हा २० लाखांच्या आत आहोत म्हणून निर्धास्त राहू नका. सहकारी बँकांबद्दल आपल्याकडे बरीच वर्षं वाद होता, त्या सरफेसी वापरू शकतात की नाही. तो सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने ५ मे २०२० ला मिटवला, आणि प्रकरण होतं कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेचं. उत्तर आलं, हो, वापरू शकतात. पतसंस्थेचं मात्र वेगळं आहे, ती बँक नाही, तिला सरफेसी नाही, ती सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली निबंधकाकडून वसुली दाखला काढते आणि मग वसुली अधिकारी जप्ती करतो. तिथे दाद मागायची जागाही वेगळी, आणि त्या दाखल्याविरुद्ध रिव्हिजन, म्हणजे फेरतपासणीचा अर्ज, करायचा तर निम्मी रक्कम आधी भरावी लागते. खाजगी सावकार असेल तर तो आणखीनच वेगळा विषय, महाराष्ट्रात २०१४ चा सावकारी कायदा आहे आणि बेकायदा सावकारीत बळकावलेली जमीन-घर परत देण्याचा आदेश जिल्हा निबंधक देऊ शकतात. म्हणून पहिला प्रश्न नेहमी हाच विचारा की समोर नक्की कोण आहे, कुठल्या कायद्याखाली आलंय. कागदावर लिहिलेलं असतं.

आता बँकेची पायरीवार गोष्ट. हप्ता ९० दिवसांपेक्षा जास्त थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत कर्जाचं, होतं. याच्या आधीचे तीन महिने खरं तर सगळ्यात सोपे असतात, शाखेत जाऊन लेखी अर्ज द्या की नोकरी गेली, आजारपण आलं, हप्ता कमी करा, मुदत वाढवा. तोंडी बोलू नका, मॅनेजर बदलतात. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्या. आणि एनपीए झाल्यावरसुद्धा सगळी थकबाकी, म्हणजे मागचे हप्ते व्याजासकट भरले तर खातं परत नियमित करता येतं असं रिझर्व्ह बँकेचे नियम सांगतात, फक्त एखादा हप्ता भरून भागत नाही.

त्यानंतर येते कलम १३(२) ची मागणी नोटीस. हीच ती डब्यातली पहिली. यात बँक सगळं कर्ज एकदम मागते आणि ६० दिवस देते. लोक ती रक्कम बघूनच खचतात, २१ लाख ६० हजार साठ दिवसांत कुठून आणायचे. पण या ६० दिवसांत एक हक्क आहे जो फुकट आहे, त्याला वकीलही लागत नाही, तो म्हणजे लेखी आक्षेप. रक्कम चुकली असेल, भरलेले हप्ते धरले नसतील, दंड अव्वाच्या सव्वा लावला असेल, तर लिहून द्या, रजिस्टर पोस्टाने पाठवा. बँकेला १५ दिवसांत कारणांसकट उत्तर द्यावंच लागतं. या उत्तरावर लगेच कुठे अपील करता येत नाही हे खरं, पण पुढे न्यायाधिकरणात हा कागद सोन्यासारखा असतो, कारण तुम्ही पहिल्या दिवसापासून काय म्हणत होता ते त्यात असतं. दंडाबद्दल एवढं लक्षात ठेवा की रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितलंय की दंड हा व्याजात मिसळून त्यावर परत व्याज चढवायचं नाही, वेगळं शुल्क म्हणून लावायचं. खात्याचा पूर्ण उतारा मागा आणि बसून एकेक ओळ तपासा, आम्हाला मावशीच्या उताऱ्यात यूपीआयने भरलेले दोन हप्ते सापडले जे नोटिशीच्या रकमेत धरलेच नव्हते.

दुसरी गोष्ट आम्हाला सापडली ती जास्त मोठी होती. नोटीस काका आणि मावशी दोघांच्या नावे, पण काकांचा मृत्यूचा दाखला शाखेत आठ महिन्यांपूर्वी देऊन झालेला. मयत माणसाच्या नावे नोटीस काढली आणि वारस असलेल्या दोन्ही मुलांना काहीच कळवलं नाही. कर्जदार गेला असेल तर हा मुद्दा आधी बघा. आणि विम्याचाही बघा. बऱ्याच गृहकर्जांमध्ये कर्ज देतानाच विम्याचा हप्ता कापलेला असतो, घरच्यांना पत्ताही नसतो, कर्जदार गेल्यावर उरलेलं कर्ज विम्यातून फिटू शकतं. काकांचाही होता. जानेवारी २०१६ पासून पाच वर्षांचा. म्हणजे ते गेले त्याच्या तीन महिने आधी संपलेला. मावशीला मी हे दोन दिवस सांगितलंच नाही. पण तुमच्याकडे तसं नसेल, फाइल काढा, बघा, कर्ज मंजुरीपत्रात विम्याची ओळ आहे का ते.

६० दिवस उलटले की बँक कलम १३(४) खाली ताबा घेते. इथे दोन ताबे असतात आणि त्यातला फरक कळला नाही की माणूस उगाच घाबरतो किंवा उगाच निवांत राहतो. पहिला सांकेतिक ताबा. दारावर कागद चिकटवतात आणि सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत छापतात, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं हवं. तुम्ही घरातच राहता, कुलूप नाही, सील नाही. म्हणून शेजारचे सांगतात, "काही नाही होत, नुसता कागद लावून जातात." पण तारखेचं घड्याळ याच कागदापासून चालू होतं. या कारवाईपासून ४५ दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, कलम १७ खाली अर्ज करता येतो. आधी बँका म्हणायच्या की प्रत्यक्ष घर गेलं नाही तोवर अर्ज कसला. सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये साफ सांगितलं की सांकेतिक ताब्यालाही आव्हान देता येतं, घराबाहेर पडेपर्यंत थांबायची गरज नाही. मी गेलो तेव्हा मावशीच्या दारावरच्या कागदाला १९ दिवस झाले होते. म्हणजे आमच्या हातात २६ होते.

डीआरटीबद्दल लोकांना वाटतं की तिथे आधी मोठी रक्कम भरावी लागते. ही भीती कुठून आली तेही सांगतो, मूळ कायद्यात खरंच होतं की मागणीच्या ७५ टक्के भरा मगच तुमचं ऐकू. मर्दिया केमिकल्सच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने एप्रिल २००४ मध्ये ती अट घटनाबाह्य ठरवून काढून टाकली. ज्याच्याकडे पैसे नाहीत म्हणूनच ज्याचं घर चाललंय त्याला पाऊण रक्कम भरून ये म्हणणं हा न्यायच नव्हे, आणि मला वाटतं सर्वसामान्य कर्जदारासाठी या विषयात आलेला हा सगळ्यात महत्त्वाचा निकाल आहे. आता डीआरटीत फक्त कोर्ट फी लागते. १० लाखांच्या आत दर लाखाला ५०० रुपये, त्यावर ५,००० अधिक १० लाखांवरच्या दर लाखाला २५०, आणि कितीही मोठी रक्कम असली तरी जास्तीत जास्त एक लाख. मावशीची २१ लाख ६० हजारांवर ८,००० रुपये झाली. वकिलाची फी वेगळी.

आणि वकील परवडत नसेल तर थांबू नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरण प्रत्येक जिल्हा न्यायालयात असतं. महिलांना मोफत वकील मिळतो आणि त्यांना उत्पन्नाची अट नाही, अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग यांनाही तसंच, बाकीच्यांना महाराष्ट्रात वर्षाला तीन लाख उत्पन्नाची मर्यादा. हेल्पलाइन १५१००. घर बाईच्या नावे असेल किंवा ती सहकर्जदार असेल तर ती स्वतः अर्ज करू शकते. मावशीला हे कुणीच सांगितलं नव्हतं, ना शाखेत, ना सोसायटीत.

डीआरटी काय बघते? बँकेने कायद्याप्रमाणे पावलं टाकली का. नोटीस योग्य माणसाला, योग्य पत्त्यावर गेली का, ६० दिवस दिले का, आक्षेपाला उत्तर दिलं का, मराठी पेपरात छापलं का, रक्कम बरोबर का, घराची किंमत मुद्दाम कमी धरली का. यातलं काही चुकलं असेल तर डीआरटी कारवाई रद्द करू शकते, घेतलेला ताबा परत द्यायला लावू शकते, नुकसानभरपाईही देववू शकते. पण रद्द झालं म्हणजे कर्ज संपलं असं नाही, बँक परत नीट नोटीस काढू शकते. तोवरचे महिने तुमचे.

अर्जाबरोबर स्टे मागावा लागतो, अर्ज केला म्हणून जप्ती आपोआप थांबत नाही हे पक्कं लक्षात ठेवा. आणि स्टे देताना बहुतेक वेळा अट येते, अमुक रक्कम अमुक दिवसांत भरा. म्हणून रिकाम्या हाताने जाऊ नका. मावशीचे दागिने, मामांनी दिलेले दीड लाख, माझे थोडे, असं करून आम्ही आधीच दोन लाखांची सोय केली होती. वारसांच्या नोटिशीचा मुद्दा वकिलांनी मांडला, बँकेचे वकील म्हणाले मावशी सहकर्जदार आहेत त्यांना मिळाली ना, यावर अर्धा तास वाद झाला, आणि शेवटी चार लाख दोन टप्प्यांत भरायच्या अटीवर स्टे मिळाला. पहिला टप्पा चार आठवड्यांत. मावशी बाहेर आल्यावर बाकावर बसून राहिली बराच वेळ, काही बोलली नाही.

अट पाळा. एक दिवस उशीर झाला तरी स्टे उठतो आणि बँकेचा माणूस पुढच्याच आठवड्यात कलेक्टर ऑफिसात असतो. पैसे खरंच जमत नसतील तर तारीख उलटायच्या आधी मुदतवाढीचा अर्ज द्या, उलटल्यावर नाही. आणि कायदा म्हणतो की अर्ज ६० दिवसांत, फार तर चार महिन्यांत निकाली काढा, पण प्रत्यक्षात जास्त लागतं, तारखा पडतात, कधी न्यायाधिकरणावर अधिकारीच नेमलेला नसतो.

दुसरा ताबा म्हणजे प्रत्यक्ष ताबा. कुलूप, सील, पोलीस, पंचनामा. कुणी अडवलं नाही तर बँकेचा प्राधिकृत अधिकारी स्वतः घेऊ शकतो, नाहीतर बँक कलम १४ खाली जाते, जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. तिथे तुम्हाला बोलावलं जात नाही, बाजू ऐकली जात नाही, कारण त्यांचं काम फक्त बँकेचं प्रतिज्ञापत्र आणि कागद तपासून मदत देणं एवढंच आहे. आदेश निघाला की तहसीलदार, मंडळ अधिकारी किंवा कोर्टाने नेमलेला वकील कमिशनर पोलीस घेऊन येतो. लोक इथे कलेक्टर ऑफिसच्या चकरा मारतात, निवेदनं देतात, आमदारांचं पत्र आणतात, आणि यात महिना जातो. त्या आदेशाविरुद्धची जागासुद्धा डीआरटीच आहे, सुप्रीम कोर्टाने २०११ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात हे सांगितलंय. प्रत्येक नव्या पावलाला नवीन ४५ दिवस मिळतात, पण आधीची चूक आधीच मांडलेली बरी, नाहीतर समोरून पहिला प्रश्न येतो की इतके दिवस कुठे होता.

वसुलीवाली मुलं दारात येऊन "चावी द्या, आज रात्रीच खाली करा" म्हणतात त्याला ताबा म्हणत नाहीत. सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर वसुलीसाठी फोनही करायचा नाही असं रिझर्व्ह बँकेचं सांगणं आहे. कागद मागा, प्राधिकृत अधिकाऱ्याचं नाव विचारा. चावी देऊ नका आणि कोऱ्या कागदावर सही तर अजिबात करू नका.

दिवाणी कोर्टात जाऊ का, हा प्रश्न हमखास येतो. सरफेसीच्या कलम ३४ ने दिवाणी कोर्टाचा रस्ता बंद केलाय, उघड फसवणुकीसारखा अपवाद सोडला तर. म्हणजे तुमच्या खोट्या सह्या करून कुणी घर गहाण टाकलं असेल तर गोष्ट वेगळी. हायकोर्टात रिट करता येतं पण सुप्रीम कोर्टाने २०१० पासून वारंवार बजावलंय की डीआरटी असताना हायकोर्टाने सहसा हात घालू नये. डीआरटीवर अधिकारीच नाही आणि उद्या सकाळी ताबा आहे, अशा वेळी हायकोर्ट दार उघडतं. डीआरटीत हरलात तर ३० दिवसांत अपील डीआरएटीत, म्हणजे वरच्या अपील न्यायाधिकरणात, आणि तिथे मात्र पैसे भरावे लागतात, मागणीच्या निम्मे, फार तर २५ टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकतात. साध्या घराला ते जमत नाही. म्हणून सगळा जोर पहिल्याच अर्जावर लावा.

आता सगळ्यात महत्त्वाचं, आणि हे मी जरा सावकाश सांगतो. घर सोडवून घ्यायची शेवटची तारीख. पूर्ण पैसे भरून घर परत मिळवायचा हक्क पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत होता. २०१६ च्या दुरुस्तीने तो अलीकडे आणला, आता लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्याआधी सगळी थकबाकी खर्चासकट भरली तरच तो हक्क. लिलाव महिन्याभराने असला तरी फरक पडत नाही. मुंबईच्या बाफना मोटर्सच्या प्रकरणात लिलावात १०५ कोटींची बोली लागली होती, कर्जदार कंपनीने १२९ कोटी भरायची तयारी दाखवली, मुंबई हायकोर्टाने परवानगीही दिली, आणि सप्टेंबर २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती फिरवली, म्हणाले जाहिरात निघाल्यावर हक्क संपला, मालमत्ता जास्त बोलीवाल्याची. कोट्यवधींची कंपनी तिथे हरली, आपला दोन खोल्यांचा फ्लॅट काय टिकणार. नातेवाईक म्हणतात लिलावाच्या आदल्या दिवशी पैसे घेऊन येतो. त्यांना सांगा, जाहिरातीच्या आदल्या दिवशी या.

लिलावाआधी विक्रीची ३० दिवसांची नोटीस कर्जदाराला द्यावी लागते, ती आली की ओळखा, वेळ अगदी थोडा आहे. ती न देताच लिलाव केला तर तो रद्द होऊ शकतो, मालमत्ता हा घटनेने जपलेला हक्क आहे आणि कर्जदाराला शेवटची संधी मिळालीच पाहिजे हे सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये ठणकावून सांगितलंय.

माझं स्वतःचं मत विचाराल तर घर वाचणारच नाही हे हिशोबात दिसत असेल तर लिलावापर्यंत जाऊ देऊ नका. बँकेची लेखी परवानगी घेऊन स्वतः गिऱ्हाईक शोधा, परवानगीशिवाय मात्र विकता येत नाही, मागणी नोटीस आल्यापासून तशी बंदीच आहे. लिलावात घर बहुतेक वेळा पडत्या भावात जातं. आणि लिलाव झालाच तर कर्ज आणि खर्च वजा जाऊन उरलेले पैसे तुमचे आहेत, बँकेने ते परत करायलाच हवेत, लेखी मागा, कितीतरी घरं सामान उचलून निघून जातात आणि उरलेल्या पैशांची चौकशीच करत नाहीत. कमी पडले तर बँक उरलेल्या रकमेसाठी तुमच्या आणि जामीनदाराच्या मागे येऊ शकते, हेही तितकंच खरं.

स्टे आणून देतो म्हणून ५० हजार घेणारे एजंट कोर्टाच्या आवारात नाही, तुमच्या व्हॉट्सअ‍ॅपवर भेटतात, वर्तमानपत्रातली ताबा सूचना वाचून. त्यांना वकीलपत्र नाही, सनद नाही. त्यांच्यापासून लांब राहा. कर्ज दुसऱ्या कंपनीने विकत घेतलंय असं पत्र आलं तर ते मात्र खोटं समजून फेकू नका, बँका अशी कर्जं मालमत्ता पुनर्रचना कंपन्यांना विकतात, बँकेकडून लेखी खात्री करून घ्या आणि मगच त्यांच्याशी बोला.

आमचं शेवटी तडजोडीवर मिटलं. स्टे चालू असताना मावशीने एकरकमी तडजोडीचा अर्ज दिला, पहिला फेटाळला, दुसऱ्यात बँकेने दंडाची रक्कम सोडली आणि नऊ महिने दिले. तडजोडीचं पत्र हातात येईपर्यंत एक रुपयाही "तडजोडीचा" म्हणून भरू नका, आणि पत्रात तारीख चुकली तर काय होणार ते नीट वाचा, बहुतेक पत्रांत लिहिलेलं असतं की एक हप्ता चुकला की सवलत रद्द आणि सगळं मूळ कर्ज परत उभं. गावची काकांच्या वाट्याची जागा विकली, मावसभाऊ शिकता शिकता कुरियरच्या गोदामात लागला. शेवटचे पैसे जानेवारी २०२४ मध्ये भरले, आणि डीआरटीतला अर्ज तडजोड झाली म्हणून निकाली निघाला.

पैसे फिटले की मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायचे आणि उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. कर्ज फिटल्याचा दाखला घ्या, सर्साई, म्हणजे तारणांच्या केंद्रीय नोंदणीवरचा बोजा काढला का ते विचारा, सोसायटीला बँकेचं पत्र द्या. आम्हाला कागद २२ व्या दिवशी मिळाले. शाखेत टेबलावर मूळ करारनामा, नोंदणीची पावती, शेअर सर्टिफिकेट असं एकेक ठेवलं, आणि मिळाल्याच्या यादीवर सही करायला पेन पुढे केलं. मावशीने पेन हातात घेतलं, चष्मा लावला, आणि त्या ऑफिसरला म्हणाली, "थांबा जरा, आधी वाचते."